बांधीतली अळी सडक्या पाण्यातून उपजत नाही

"धानाच्या बांधीतलं पाणी सडलं की त्यातूनच अळ्या पैदा होतात," असं भंडारा-गोंदियाकडे वर्षानुवर्षं सांगतात, आता ते मोबाइलवरही फिरतं. बांधीत, म्हणजे बांध घालून पाणी साठवलेल्या धानाच्या शेतात, पाण्यावर पानाच्या नळ्या तरंगताना दिसल्या की तसं वाटणं साहजिक आहे.

पण या अळीची आई म्हणजे नखाएवढं पांढरं पाखरू. रात्री ते पाण्याला टेकलेल्या पानांच्या खालच्या बाजूला अंडी घालतं. अंड्यातून निघालेली अळी पानाचा शेंडा कापते, त्याची सुरळी करून आत राहते आणि तीच होडी करून या चुडाकडून, म्हणजे रोपांच्या झुबक्याकडून, त्या चुडाकडे जाते. मला तर दरवेळी याचं नवल वाटतं. तिच्या अंगावर पाण्यात श्वास घ्यायला दोऱ्यांसारखे कल्ले असतात, त्यामुळे पाण्याशिवाय तिचं चालत नाही. बांधी दोन-तीन दिवस निथळून ठेवली की अळी कमी होते, ती यामुळे.

खात्री करायची असेल तर बरणीत बांधीचं पाणी, धानाचं एक रोप आणि अळी असलेल्या दोन-तीन सुरळ्या ठेवा, तोंडाला मलमलचं फडकं बांधा. दुसऱ्या बरणीत तेच पाणी बारीक कापडातून गाळून, रोपाशिवाय, सुरळ्यांशिवाय. काही आठवड्यांत पाखरू निघेल ते पहिल्याच बरणीत.