मोबदला मिळाला म्हणजे पुनर्वसन झाले असे नाही

खेड तालुक्यातल्या भामा आसखेड धरणातून पुण्याला पाणी आणणाऱ्या जलवाहिनीचे काम धरणग्रस्तांनी अडवले की पुण्यात हमखास ऐकू यायचे, "पैसे घेतलेत ना, मग आता कशाला अडवतात?" 2021 पासून ते पाणी पूर्व पुण्याला मिळू लागले, तरी हे वाक्य काही जात नाही. मला त्याची चीड येते.

मोबदला सगळ्यांना ठाऊक आहे. रस्त्यात जमीन गेली, सातबारावर नाव असलेल्याला पैसे मिळाले, विषय संपला. 1894 च्या भूसंपादन कायद्याची धावही तेवढीच होती. 1921 साली मुळशीत टाटांच्या धरणाविरुद्ध सेनापती बापटांनी सत्याग्रह केला, तेव्हा तिथल्या बऱ्याच जमिनी पुण्याच्या सावकारांच्या नावावर होत्या. मोबदल्यावर हक्क त्यांचा; जमीन कसणाऱ्या मावळी शेतकऱ्याचे घर पाण्याखाली.

पुनर्वसनाचा कायदा वेगळा. महाराष्ट्रात तो 1976 चा, मग 1986 चा आणि नंतर 1999 चा. नवे गावठाण, शाळा, पाणी, रस्ते हे त्यात येते, आणि मुख्य म्हणजे धरणाच्या लाभक्षेत्रात, म्हणजे त्याच्या पाण्यावर भिजणाऱ्या भागात, पर्यायी जमीन. लाभक्षेत्रातल्या सातबारावर 'पुनर्वसनासाठी राखीव' असा शेरा दिसतो, तो याचसाठी.

खरी गल्लत होते ती 65 टक्क्यांपाशी. ज्याला पर्यायी जमीन हवी, त्याच्या मोबदल्यातली 65 टक्के रक्कम त्या जमिनीच्या किमतीपोटी कापून घ्यायची, अशी तरतूद आहे. म्हणजे ही जमीन सरकारची खैरात नाही, शेतकऱ्याच्याच पैशातून ती घेतली जाते. आता ज्याची कपात वेळेवर झालीच नाही, त्याला पुढे सांगितले जाते की तुम्ही पात्र नाही. मोबदला हातात देताना हे त्याला कुणी नीट समजावले होते का? जमीन बुडालेली, घर हलवायचे, पोरांची शाळा सुटलेली, अशा माणसाने मिळतील ते पैसे उचलले तर त्यावरून त्याने जमिनीचा हक्क सोडला असे धरणे मला साफ अमान्य आहे.

कपात झाली, वाटपाचा आदेश निघाला, तरी काम पुरे होत नाही. दिलेली जमीन प्रत्यक्षात अनेकदा लाभक्षेत्रातला तिचा मूळ मालकच कसत असतो. म्हणून धरणग्रस्ताला किती पैसे मिळाले हे विचारण्याआधी ताबा मिळाला का, हे विचारा.