मार्मलेड आणि मुंबई: थोडी पार्श्वभूमी

घरी मार्मलेड, म्हणजे सालीसकट केलेला संत्र्याचा मुरांबा, करायचं म्हटलं की आपण इंग्रजी पाककृती शोधतो, त्यात नागपुरी संत्री घालतो आणि बरणीत गोड, पातळ रस उरतो. यात करणाऱ्याच्या हाताचा दोष नाही. ती पाककृती वेगळ्याच फळासाठी घडली आहे.

मुळात मार्मलेड संत्र्याचं नव्हतंच. काष्ठौषधीच्या दुकानात ज्याच्या बिया बिहीदाणा म्हणून मिळतात, ते बिही हे फळ पोर्तुगालमध्ये साखरेत घट्ट आटवून त्याच्या वड्या पाडत. इंग्लंडमध्ये 17व्या शतकातल्या हस्तलिखित पाककृतींत कडू संत्री शिजवलेली दिसतात. पुढे स्कॉटलंडमध्ये ते सैल होऊन टोस्टवर आलं. तिथल्या डंडी शहरातल्या कीलर कुटुंबाला 1797च्या सुमारास स्वस्तात मिळालेल्या संत्र्यांमुळे मार्मलेडचा शोध लागला, ही गोष्ट सर्रास सांगतात. पण पाककृती त्याहून जुनी आहे, हे निश्चित.

मुंबईला या दोन्ही परंपरा लाभल्या. 1661च्या विवाहकरारात पोर्तुगालने हे बेट इंग्लंडच्या राजाला आंदण दिलं. वांद्रे-वसईच्या ईस्ट इंडियन, म्हणजे इथल्या मूळच्या ख्रिस्ती, घरांत नाताळला होणारं पेरूचं चीज बिहीच्या त्या वड्यांच्याच कुळातलं. मला तर मुंबईचं खरं जुनं मार्मलेड तेच वाटतं. संत्र्याची बरणी आली ती इंग्रजांच्या न्याहारीबरोबर.

आता फळाकडे. सेव्हिलच्या कडू संत्र्याच्या बियांत आणि सालीखालच्या पांढऱ्या गरात पेक्टिन, म्हणजे फळाचा रस घट्ट धरवणारा पदार्थ, भरपूर असतं, त्यावरच मार्मलेड धरतं. साखरांबा पाकावर उभा राहतो, हे पेक्टिनवर. नागपुरी संत्र्याची साल सुटी आणि पातळ, पांढरा गर नावापुरता. म्हणून लिंबाच्या बिया आणि गर यांची पुरचुंडी पातेल्यात सोडायची आणि मिश्रण 104-105 अंश सेल्सिअसपर्यंत न्यायचं.

त्याहून बरं म्हणजे ईडलिंबू किंवा गणपतीच्या दिवसांत बाजारात येणारं पपनस घ्यावं. त्यांच्या सालीत गर जाड असतो आणि हवा तो कडवटपणाही मिळतो. लिंबाचं गोड लोणचं घालणाऱ्या घरांना सालीचा कडूपणा नवा नाही. साल मात्र साखर घालण्यापूर्वीच बोटाने दबेल इतकी मऊ शिजवून घ्यावी. साखर पडल्यावर ती आणखी मऊ होत नाही.