नायकाच्या डोळ्यांनी पाहिलेलं प्रेम

श्रीलंकेत १९८२ साली ‘रूपवाहिनी’ ही सरकारी वाहिनी सुरू झाली आणि हळूहळू रात्रीची ‘टेलिड्रामा’ची, म्हणजे तिथल्या टीव्ही मालिकांची वेळ सिंहली घरांत ठरूनच गेली. पुढे सिंहलीत डब केलेल्या हिंदी आणि कोरियन मालिकाही आल्या. रविवारच्या पेपरात पत्रिका, जात, नोकरी असलेल्या स्थळांच्या जाहिराती आणि टीव्हीवर पावसात थांबलेला नायक. तरुण पोरापोरींनी दोन्ही एकाच घरात पाहिलं.

‘मालिकांनी पोरं बिघडली’ हे निदान मला घाईचं वाटतं. मुळातच प्रेमवेडी असलेली पोरंच अशा मालिका जास्त पाहत असतील, तर कारण कुठलं आणि परिणाम कुठला?

अभ्यासांतून मात्र काही गोष्टी कळल्या आहेत. रोज भेटणाऱ्या पात्राशी आपली एकतर्फी ओळख जुळते, हे हॉर्टन आणि वोल या अभ्यासकांनी १९५६ सालीच मांडलं होतं. ग्रीन आणि ब्रॉक या मानसशास्त्रज्ञांनी २००० साली प्रयोगांतून दाखवलं, की माणूस गोष्टीत जितका रमतो, तितक्या तिच्यातल्या समजुती त्याला पटतात. गोष्ट खरी की रचलेली, हे आधी सांगूनही फरक पडत नाही.

आता ‘नाही’ म्हटल्यावरही पिच्छा न सोडणारा नायक घ्या. अमेरिकेत संशोधक ज्यूलिया लिपमन यांनी काही तरुणींना असा पाठलाग गोड करून दाखवणारे चित्रपट दाखवले, तर काहींना तोच भीतिदायक वाटेल असे. भीती पाहिलेल्यांनी पाठलागाची भलामण कमी केली. गोडवा पाहिलेल्या सगळ्याच काही भुलल्या नाहीत. ज्यांना ते खरं वाटलं किंवा ज्या त्यात रमल्या, त्यांचं मत पाठलागाच्या बाजूनं झुकलं. म्हणजे पडद्यावर काय दिसतं याइतकंच ते कुणाच्या नजरेतून दिसतं, हेही महत्त्वाचं.

याची तपासणी सिंहली प्रेक्षकांवर करायची तर साधन घरचंच आहे. दिग्दर्शक लेस्टर जेम्स पीरिस यांच्या १९६८ च्या ‘गोळू हदवत’ या सिंहली चित्रपटात शाळकरी प्रेम आधी मुलाच्या बाजूनं दिसतं. तिच्या बघण्याबोलण्याचे तो लावेल ते अर्थ आपणही लावतो. मग तीच गोष्ट मुलगी सांगते, आणि आपले अंदाज चुकतात. एका गटाला फक्त पहिला भाग दाखवावा, दुसऱ्याला दोन्ही, आणि मग दोघांना एकच विचारावं: त्यानं अजून तिच्यामागे जावं का?