तुपाचा तवंग, घराघरातला हिशेब आणि 53-एन ही बाटली

सप्टेंबर 1896 मध्ये मुंबईच्या मांडवी भागात जांघेत आणि काखेत गाठी येऊन, तापाने फणफणून माणसे दोन-चार दिवसांत मरू लागली. हा प्लेग आहे, असे निदान डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी केले. ते मूळचे गोव्याचे, शिकलेले मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात. निदान अचूक होते, पण त्यापुढे काय करायचे हे कोणालाच माहीत नव्हते. गटारांत समुद्राचे पाणी आणि कार्बोलिक आम्ल हे जंतुनाशक ओतले जात होते, घरांना चुना फासला जात होता. प्लेगचा जीवाणू दोनच वर्षांपूर्वी, 1894 मध्ये, हाँगकाँगमध्ये सापडला होता. उंदरावरची पिसू तो माणसापर्यंत आणते, हे अजून सिद्ध व्हायचे होते.

सरकारने वाल्डेमार हाफकिन यांना कलकत्त्याहून बोलावले. ओडेसात जन्मलेले हाफकिन प्राणिशास्त्रज्ञ होते, त्यांच्याकडे वैद्यकाची पदवी नव्हती. पॅरिसच्या पाश्चर संस्थेत त्यांनी कॉलऱ्याची लस तयार केली होती आणि 1893 पासून ते भारतात ती टोचत होते. ऑक्टोबर 1896 मध्ये ग्रँट मेडिकल कॉलेजात त्यांना एक खोली, तिच्या बाहेरचा व्हरांडा, एक कारकून आणि तीन शिपाई मिळाले. एवढ्या सामग्रीवर तीन महिन्यांत प्लेगची लस तयार झाली. ती कशी बनवली हे मनोरंजक आहेच, पण वैद्यकशास्त्राला खरे वळण मिळाले ते ती तपासण्याच्या पद्धतीमुळे. म्हणून या लेखाचा जास्त भर तपासणीवर आहे.

आधी लस. जीवाणू वाढवायला मांसाचा रस्सा लागतो. युरोपात तो गोमांसाचा करत आणि मांस पचवायला डुकराच्या जठरातले पेप्सिन वापरत. हिंदू आणि मुसलमान, दोघांनाही टोचायच्या लसीत हे चालणार नव्हते. हाफकिननी बोकडाचे मांस घेतले, ते हायड्रोक्लोरिक आम्लात उकळून पचवले आणि नंतर कॉस्टिक सोड्याने आम्ल मारले. हा गाळलेला, निर्जंतुक केलेला रस्सा काचेच्या मोठ्या चंबूंत भरून त्यावर तुपाचे थोडे थेंब सोडले. प्लेगचा जीवाणू हवेच्या सान्निध्यात चांगला वाढतो, आणि आधार मिळाला तर तो पृष्ठभागाशी चिकटून वाढतो. तुपाच्या तवंगाला खालच्या बाजूने धरून त्याची वसाहत रस्स्यात धाग्यांसारखी लोंबू लागते, चुनखडीच्या गुहेत छतावरून दगडी सुळके लोंबावेत तशी. त्याला साधारण 28 अंश सेल्सियस तापमान मानवते. मुंबईच्या हिवाळ्यात खोलीचेच तापमान जवळपास तेवढे असते.

चंबू अजिबात हलता कामा नये. धक्का लागला की धागे तुटून तळाशी बसतात. हीच अडचण हाफकिननी कामाला लावली. काही दिवसांनी ते चंबू मुद्दाम हलवत, पीक तळाशी पडे, तवंगाखाली नवे पीक येई. सुमारे सहा आठवड्यांत अशी पाच-सहा पिके निघत आणि मधल्या काळात जीवाणूंनी सोडलेली विषारी द्रव्येही रस्स्यात साठत. जीवाणूंच्या मृत शरीरांमुळे आजार टळेल आणि विषारी द्रव्यांची शरीराला ओळख झाल्यामुळे, आजार झालाच तरी मृत्यू टळेल, असा त्यांचा तर्क होता. या लोंबत्या वाढीचा आणखी एक उपयोग होता. इतर जीवाणू शिरले तर रस्सा गढूळ होतो, शुद्ध प्लेगच्या चंबूत धाग्यांमधला रस्सा स्वच्छ राहतो. चंबू बिघडला की नाही, हे बरेचसे डोळ्यांनीच कळे.

शेवटी चंबू सुमारे 65 ते 70 अंशांवर तासभर तापवून जीवाणू मारायचे. तापमान कमी पडले तर जिवंत प्लेग टोचला जाईल, फार वाढले तर लसीची ताकदच जाईल. तापवल्यावर थोडा नमुना ताज्या खाद्यावर घालून काही उगवत नाही ना, हे पाहायचे आणि वर अर्धा टक्का कार्बोलिक आम्ल घालायचे. या अर्ध्या टक्क्याकडे लक्ष असू द्यावे.

10 जानेवारी 1897 रोजी हाफकिननी स्वतःला 10 घन सेंटिमीटर लस टोचून घेतली. पुढे लोकांना दिलेल्या मात्रेच्या ही तिप्पट-चौपट होती. सडकून ताप आला, टोचलेली जागा दुखली आणि ते बरे झाले. धाडस मोठे होते, पण त्यातून एवढेच कळले की लस माणसाला मारत नाही. ती वाचवते का, हे एका माणसावरून कळूच शकत नाही.

ते कळण्याची पहिली संधी त्याच महिन्याच्या अखेरीस भायखळ्याच्या तुरुंगात आली. तिथे प्लेग शिरला होता. कैद्यांना स्वेच्छेने लस घ्यायला सांगितले (तुरुंगातल्या स्वेच्छेला किती अर्थ असतो, हा प्रश्न आज विचारलाच पाहिजे). सुमारे 150 जणांनी घेतली, सुमारे 170 जणांनी नाही. जेवण एक, पाणी एक, भिंती त्याच. टोचले त्याच दिवशी ज्यांच्यात लक्षणे दिसली त्यांना संसर्ग आधीच झालेला होता. लसीला काम करायला वेळच मिळाला नव्हता, म्हणून ते हिशेबातून वगळले. पुढच्या दिवसांत लस न घेतलेल्यांत 12 जण आजारी पडले आणि 6 मेले. लस घेतलेल्यांत 2 आजारी पडले, मेले कोणीच नाही. म्हणजे एकीकडे साधारण 7 टक्के आणि दुसरीकडे 1.3 टक्के. निव्वळ योगायोगाने लसीच्या बाजूने एवढा फरक पडण्याची शक्यता शंभरात सुमारे एक येते.

तरी यात एक भोक आहे. लस घ्यायला पुढे आलेले कैदी आधीपासूनच धडधाकट असतील तर? किंवा त्यांच्या बराकी उंदरांच्या बिळांपासून लांब असतील तर? माणसे स्वतः गट निवडतात तेव्हा दोन गट सारखे राहतात याची हमी नसते. साथीच्या काळात छापल्या जाणाऱ्या औषधांच्या बहुतेक फुशारक्या याच भोकातून गळून जातात.

हाफकिननी त्यावर काढलेला उपाय माझ्या मते त्यांच्या लसीइतकाच मोलाचा आहे. फेब्रुवारी 1898 मध्ये बडोद्याजवळच्या उंडेरा गावात प्लेग चालू होता. तिथे त्यांनी गावाचे दोन भाग केले नाहीत, प्रत्येक घराचे केले. कुटुंबातल्या निम्म्या माणसांना टोचायचे, निम्म्यांना नाही, आणि दोन्ही बाजूंना मोठी, लहान, सशक्त, अशक्त माणसे शक्य तितकी सारखी पडतील असे पाहायचे. मग काही आठवडे थांबून सरकारी डॉक्टरांसह घरोघर फिरून मोजणी करायची.

त्यानंतर 28 कुटुंबांत प्लेग शिरला. या कुटुंबांत टोचलेली माणसे 71 होती, त्यातली 8 आजारी पडली आणि 3 मेली. न टोचलेली 64 होती, त्यातली 27 आजारी पडली आणि 26 मेली. मृत्यूचे प्रमाण एका बाजूला 4 टक्क्यांच्या आसपास, दुसऱ्या बाजूला 40 टक्क्यांच्या वर. म्हणजे मृत्यूचा धोका जवळपास नव्वद टक्क्यांनी कमी.

घरातल्या घरात तुलना करण्याचे मोल नीट समजून घ्यायला हवे. प्लेग घराघराने पसरतो, कारण ज्या घरात उंदीर मरतात त्या घरातल्या पिसवा माणसांकडे वळतात. फेब्रुवारी 1898 मध्ये हे हाफकिनना ठाऊक नव्हते. पॉल-लुई सिमों या फ्रेंच डॉक्टरचा पिसवांचा प्रयोग कराचीत त्याच वर्षीच्या जूनमध्ये झाला. पण एकाच घरातली माणसे एकमेकांशी ताडून पाहिल्यामुळे, घराचा धोका कशामुळे येतो हे माहीत नसतानाही तो दोन्ही पारड्यांत सारखा पडला. जे कारण अजून कोणाला कळलेले नाही, त्याचाही परिणाम हिशेबातून काढून टाकणारी ही मांडणी आहे. आज चिठ्ठी टाकून गट पाडतात ते याच कारणासाठी.

या आकड्यांवर शंका घ्यायलाही जागा आहे. 27 पैकी 26 मृत्यू हे प्लेगसाठीसुद्धा फार जास्त आहेत. टोचलेल्यांकडे डॉक्टरांचे लक्ष जास्त राहून त्यांचे सौम्य आजार नोंदले गेले आणि दुसऱ्या बाजूचे सुटले, असे झाले असेल. शिवाय गट चिठ्ठीने पडले नव्हते, माणसांनी पाडले होते. मृत्यू मात्र लपत नाहीत, आणि 3 विरुद्ध 26 हा फरक अशा चुकांनी भरून निघत नाही. घरातल्या निम्म्यांना जाणूनबुजून लसीविना ठेवणे ही जड गोष्ट होती. भायखळ्याचा निकाल हाती असताना आजची कोणतीही नीतिमत्ता समिती अशा प्रयोगाला सहजी मान्यता देणार नाही.

लसीच्या मर्यादाही होत्या. संरक्षण काही महिने टिके, फुप्फुसाच्या प्लेगवर तिचा फारसा भरवसा नव्हता आणि टोचल्यावर येणाऱ्या तापामुळे मजुराची एक-दोन दिवसांची मजुरी बुडे. तरी मागणी वाढत गेली. प्रयोगशाळा 1899 मध्ये परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाऊसमध्ये गेली. आजची हाफकिन संस्था तीच.

1902 मध्ये पंजाबसाठी लाखो मात्रा हव्या होत्या. सहा आठवडे तुपाखाली पीक घेणे परवडणारे नव्हते. म्हणून रस्स्याऐवजी अगरच्या (समुद्री शेवाळापासून काढलेल्या जेलीसारख्या पदार्थाच्या) घट्ट खाद्यावर जीवाणू लवकर वाढवले जाऊ लागले, आणि तापवल्याने सगळे मरतेच, असे धरून कार्बोलिक वगळण्यात आले. 30 ऑक्टोबर 1902 रोजी पंजाबातल्या मलकोवाल गावात पाच बाटल्यांमधून 107 जणांना टोचले. त्यातल्या 53-एन क्रमांकाच्या बाटलीतून टोचलेल्या 19 जणांना धनुर्वात झाला आणि ते सगळे मेले. बाकीच्या 88 जणांना काहीही झाले नाही.

जंतू बाटलीत शिरले कुठे, मुंबईत भरताना की गावात उघडताना? चौकशी आयोगाने मुंबईला दोषी धरले आणि हाफकिनना पदावरून दूर व्हावे लागले. पण पुरावे दुसरीकडे बोट दाखवत होते. बाटली उघडायचा चिमटा जमिनीवर पडला होता. तो कार्बोलिकच्या पाण्यात खळबळून पुन्हा वापरला गेला, ज्योतीवर धरला गेला नाही. धनुर्वाताचे बीजाणू (जंतूंचे कठीण कवचातले निद्रिस्त रूप) मातीत असतात आणि तीव्र कार्बोलिकमध्येही तासन्‌तास जिवंत राहतात. आगीची झळ हाच तिथे खरा उपाय होता. दुसरे, बाटली कित्येक आठवड्यांपूर्वी भरलेली होती. जंतू तेव्हाच शिरले असते तर बंद बाटलीत, हवेविना, ते भरपूर वाढले असते आणि उघडताच दुर्गंधी आली असती. उघडताना बाटलीचा वास घेतला होता, दुर्गंधी नव्हती. तिसरे, आठवडे वाढलेल्या जंतूंचे तयार विष टोचले गेले असते तर लक्षणे फार लवकर दिसली असती. ती सुमारे आठवड्याने दिसली. थोडे बीजाणू शरीरात जाऊन तिथे वाढले, की एवढाच वेळ लागतो.

1907 मध्ये मलेरियाचे संशोधक रोनाल्ड रॉस यांच्यासह दहा शास्त्रज्ञांनी लंडनच्या टाइम्समध्ये हाफकिनची बाजू जाहीरपणे मांडली आणि त्यांच्यावरचा ठपका दूर झाला. मुंबईच्या प्रयोगशाळेला त्यांचे नाव 1925 मध्ये दिले गेले.

अर्धा टक्का कार्बोलिकने बीजाणू मरत नाहीत, पण त्याच्या सान्निध्यात ते वाढू शकत नाहीत. अनेक मात्रांच्या बाटलीत परिरक्षक, म्हणजे जंतूंची वाढ रोखणारे द्रव्य, घालतात ते यासाठी. आपल्या लसीकरण केंद्रांवर आज उघडलेली पेंटाव्हॅलंट या पाच रोगांवरच्या लसीची बाटली नियम पाळून ठेवली तर 28 दिवसांपर्यंत वापरता येते, कारण तिच्यात परिरक्षक असते. गोवर-रुबेलाच्या आणि बीसीजी या क्षयरोगावरच्या लसीत जिवंत जंतू असतात, परिरक्षकाने ते मरतील, म्हणून ते घालता येत नाही. त्या बाटल्या उघडल्यापासून 4 तासांत टाकून द्याव्या लागतात, आत मात्रा उरल्या असल्या तरी. म्हणूनच परिचारिका बाटली उघडताच तिच्यावर तारीख आणि वेळ लिहिते.