भुकेचे टॉनिक आणि रक्तातले फॉस्फेट

गेल्या महिन्यात गोळे कॉलनीतील एका औषधांच्या दुकानात माझ्या शेजारी उभ्या असलेल्या गृहस्थांनी विक्रेत्याला मोबाइलवर एका बाटलीचा फोटो दाखवला आणि म्हणाले, ‘मुलगी अकरावीला आहे. डबा तसाच परत आणते, भातावरचे तूपसुद्धा निपटून ताटाच्या कडेला लावते. भूक लागेल असे काहीतरी द्या.’ त्या मुलीचे निदान काउंटरवर होणार नव्हते. पण जेवण सुटले म्हणजे भूक मेली, हा समज मात्र घरोघरी आहे आणि अ‍ॅनोरेक्सिया नर्व्होसा या आजारात तो फार महागात पडतो.

1873 साली लंडनचे डॉक्टर विल्यम गल यांनी दिलेल्या या नावाचा अर्थच ‘मानसिक कारणाने भूक न लागणे’ असा आहे आणि तो दिशाभूल करणारा आहे. रुग्णाला भूक लागते, बहुतेकदा चांगलीच लागते, परंतु वजन वाढण्याची भीती तिच्यावर मात करते. म्हणून भुकेच्या टॉनिकने हा आजार हटत नाही. नजर लागली म्हणून मीठ-मोहऱ्या ओवाळण्यात जे आठवडे जातात, त्या काळात नाडी मंदावत असते, पाळी थांबलेली असते आणि हाडे ठिसूळ होत असतात.

गोळ्यांची गोष्ट थोडक्यात संपते. अमेरिकेच्या औषध नियामक संस्थेने या आजारासाठी आजवर एकही औषध मंजूर केलेले नाही. वजन भरून आल्यावर आजार उलटू नये म्हणून दिलेल्या फ्लुओक्सेटिन या नैराश्यावरील औषधाचा 2006 मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत उपयोग दिसला नाही. ओलान्झापिन या मनोविकारांवरील औषधाने 2019 मध्ये 152 रुग्णांच्या चाचणीत वजन थोडे अधिक वेगाने वाढले, पण वजनाविषयीचे विचार फारसे बदलले नाहीत.

राहता राहिले अन्न. तेच खरे औषध आहे, आणि म्हणूनच त्याचीही मात्रा ठरवावी लागते.

उपासमारीत इन्सुलिन खाली येते आणि शरीर साखरेऐवजी चरबी व स्नायूंतील प्रथिने जाळू लागते. पेशींमधला फॉस्फेटचा साठा हळूहळू रिकामा होतो, तरी रक्तातली पातळी बरेचदा दर डेसिलिटरला 2.5 ते 4.5 मिलिग्रॅम या नेहमीच्या मर्यादेतच राहते, त्यामुळे रिपोर्ट पाहून सगळे निश्चिंत होतात. मग कुणीतरी मायेपोटी वाटीभर शिरा आणि शिकरण एकदम पुढे ठेवते. इन्सुलिन उसळते आणि ग्लुकोजबरोबर फॉस्फेट, पोटॅशियम व मॅग्नेशियमही पेशींत खेचले जाते. पेशीत शिरलेल्या ग्लुकोजला आधी फॉस्फेट जोडावे लागते आणि त्यातून जे एटीपी, म्हणजे पेशीला ऊर्जा पुरवणारे संयुग, तयार होते, त्याच्या एकेका रेणूत तीन फॉस्फेट असतात. म्हणजे ऊर्जा मिळवण्याच्या खटाटोपातच रक्त फॉस्फेटला महाग होते. तांबड्या पेशींतील 2,3-बायफॉस्फोग्लिसरेट हा रेणू हिमोग्लोबिनकडून ऑक्सिजन सोडवून घेतो. तोही फॉस्फेटशिवाय बनत नाही, त्यामुळे रक्तात ऑक्सिजन असूनही तो ऊतींना पुरेसा मिळत नाही. श्वासपटल थकते, हृदयाची लय बिघडते. दुसऱ्या महायुद्धात सुटका झालेले काही उपाशी कैदी पोटभर जेवण मिळाल्यानंतर दगावले, ते याच रिफीडिंग सिंड्रोममुळे. म्हणून खूप खंगलेल्या रुग्णाला रुग्णालयात ठेवून, जेवणाआधी थायमिन (बी-1 जीवनसत्त्व) देऊन, रक्ततपासणी वरचेवर करत अन्न वाढवले जाते आणि लागेल तसे फॉस्फेट दिले जाते.

धोका टळला, की किशोरवयीन मुलांसाठी सर्वांत भक्कम पुरावा कुटुंबाधारित उपचारपद्धतीच्या बाजूने आहे. लंडनच्या मॉडस्ली रुग्णालयात 1980 च्या दशकात आकाराला आलेल्या या पद्धतीत आई-वडिलांना दोष दिला जात नाही. उलट काय आणि किती खायचे हे काही काळ तेच ठरवतात, प्रत्येक जेवणाला शेजारी बसतात आणि न रागावता, न हटता ताट संपेपर्यंत थांबतात. वजन सावरले की हा निर्णय हळूहळू मुलीच्या हाती परत दिला जातो: आधी मधल्या वेळचे खाणे, मग कॉलेजचा डबा, मग रात्रीचे ताट.