बेर्नहार्ट आणि होलवाइन: एकाने माणूस पुसला, दुसऱ्याने ठेवला

सपाट रंग, मोठी अक्षरं, 1910 च्या आसपासचं जर्मन पोस्टर. एवढं दिसलं की खाली ‘बेर्नहार्ट शैली’ लिहून मोकळं व्हायचं. त्यातली निम्मी चित्रं लुडविग होलवाइनची असतात.

बेर्नहार्ट बहुतेकांना ठाऊक असतो, म्हणून थोडक्यात. लुसियन बेर्नहार्ट, बर्लिनचा पोस्टर-चित्रकार, प्रीस्टर काडेपेटीचं पोस्टर, 1905-06 चा सुमार. आधी टेबल, राखदाणी, सिगार, नाचणाऱ्या मुली असं सगळं काढलं होतं. एकेक करत ते पुसलं. उरल्या पिवळ्या टोकांच्या दोन लाल काड्या आणि वर ‘प्रीस्टर’.

होलवाइन 1874 चा, जन्म वीसबाडेनचा, शिक्षणाने वास्तुविशारद, कारकीर्द म्युनिकची. सपाट रंग त्याच्याकडेही आहेत आणि गल्लत तिथेच होते. पण तो माणूस पुसत नाही. शेर्रर या शिंप्याच्या पोस्टरवर नुसती विजार नाही, ती घातलेला रुबाबदार गृहस्थ आहे, सोबत कुत्रा. बेर्नहार्ट वस्तू विकतो; होलवाइन ती वापरणाऱ्याचा थाट विकतो.

खरी मेख मात्र रंग लावण्यात आहे. त्या विजारीच्या चौकड्या नीट पाहा. कापडाला घडी पडली तरी चौकडी वळत नाही, कागदावर सरळ बसवल्यासारखी सपाट राहते. तरीही पाय गोल वाटतो, कारण आकार घडवतात ते शेजारचे उजेडाचे आणि सावलीचे तुकडे. उजेड पडतो तिथे कडेची रेषा बऱ्याचदा काढलेलीच नसते. ती कड डोळा पुरी करतो. बेर्नहार्टच्या काड्यांना ही गरजच नाही: गडद पार्श्वभूमीवर प्रत्येक कड स्पष्ट.

नक्कल फसते ती इथेच. होलवाइनच्या धर्तीवर काढायचं म्हणून लोक फोटो ट्रेस करतात, भोवती सारख्या जाडीची काळी रेषा ओढतात आणि चौकडीला घडीबरोबर वळवतात. मग हाती व्यंगचित्र लागतं. त्याऐवजी आधी फोटो तीन छटांत तोडा, सर्वांत उजळ छटा पार्श्वभूमीत मिसळू द्या, नक्षी शेवटी सरळ बसवा. ग्रेडियंट, म्हणजे एका रंगातून दुसऱ्यात हळूहळू विरत जाणं, दोघांच्याही कामात नको म्हणजे नकोच. बेर्नहार्टसाठी उलट वाटेने जा: एक वस्तू, एक नाव, तीन-चार रंग; घोषवाक्य घालायचा मोह झाला तर पोस्टर गेलंच.

पुढच्या वाटाही वेगळ्या. बेर्नहार्ट 1923 मध्ये न्यूयॉर्कला गेला. होलवाइन जर्मनीतच राहिला, नाझी राजवटीसाठी पोस्टरं केली. 1936 च्या हिवाळी ऑलिंपिकचं पोस्टर त्याचंच. चिलखती मुठीचं युद्धकर्जाचं पोस्टर मात्र बेर्नहार्टचं आणि पहिल्या महायुद्धातलं. त्याला नाझी पोस्टर म्हणणं ही घोडचूक आहे.

आणि कृपा करून 1910 च्या नकलेवर ‘बेर्नहार्ट मॉडर्न’ टंक (फॉन्ट) लावू नका. नाव तेच असलं तरी तो 1937 चा, अमेरिकेतला. बर्लिनची जाडजूड ब्रशची अक्षरं हवी असतील तर ‘बेर्नहार्ट अँटिक्वा’ घ्या, नाहीतर सरळ हाताने रंगवा.