पास्ता सॅलड

पास्ता सॅलड : उकडलेला पास्ता थंड करून त्यात भाज्या, चीज, कडधान्ये, मांस किंवा मासे घालून तेल-व्हिनेगरच्या अथवा मेयोनेझच्या ड्रेसिंगमध्ये कालवलेला पदार्थ. तो वाढताना पुन्हा गरम करत नाहीत. आधी करून ठेवता येतो, उभ्याउभ्या काट्याने खाता येतो आणि माणसे ऐनवेळी वाढली तरी पुरवठ्याला येतो, म्हणून सहली व घरगुती मेळाव्यांसाठी तो विशेष करतात.

‘सॅलड’ हा शब्द लॅटिन ‘साल’ (मीठ) या शब्दापासून आला असून ‘खारवलेले’ हा त्याचा मूळ अर्थ आहे. पानांचा मागमूसही नसलेल्या पदार्थाला सॅलड कसे म्हणायचे, या आक्षेपाला व्युत्पत्तीचा तरी आधार नाही.

इतिहास : पास्त्याचा उगम आणि पास्ता सॅलडचा उगम हे दोन निराळे प्रश्न असून त्यांची गल्लत वारंवार होते. मार्को पोलो चीनहून १२९५ मध्ये परतला तेव्हा त्याने पास्ता इटलीत आणला, ही समजूत सर्वांत लोकप्रिय आणि सर्वांत कच्ची आहे. सिसिलीचा नॉर्मन राजा दुसरा रॉजर याच्या दरबारी असलेल्या अल्-इद्रिसी या भूगोलज्ञाने ११५४ मध्ये पूर्ण केलेल्या भूवर्णनात पालेर्मोजवळच्या त्राबिया गावाचा उल्लेख आहे. तेथे ‘इत्रिय्या’ नावाचा पिठाचा सुकवलेला पदार्थ मोठ्या प्रमाणावर तयार होई व जहाजांत भरून मुस्लिम आणि ख्रिस्ती अशा दोन्ही मुलखांत जाई, असे तो सांगतो. जेनोआ येथील १२७९ च्या एका नोटरीच्या यादीत मृताच्या चीजवस्तूंमध्ये मॅकरोनीने भरलेली एक पेटी नोंदलेली आहे. त्या वर्षी मार्को पोलो चीनमध्येच होता. त्याच्या नावाची कथा आजच्या रूपात पसरवण्यात अमेरिकेतील मॅकरोनी उत्पादकांच्या एका व्यवसायपत्रिकेचा मोठा हात होता. तिने १९२९ मध्ये ती रंगवून छापली होती.

‘इत्रिय्या’ हा शब्द ग्रीक ‘इत्रियॉन’शी जोडला जातो, आणि त्यावरून पास्त्याचे श्रेय ग्रीकांना देणाराही एक पक्ष आहे. मात्र ग्रीक शब्दाने दर्शवला जाणारा पदार्थ पातळ पोळीसारखा असावा. नाव ग्रीक, पण सुकवून साठवण्याचे व व्यापाराचे तंत्र अरबी अमलातील सिसिलीत रुळलेले, हे मत अधिक सयुक्तिक दिसते.

थंड पास्त्याच्या सॅलडचे मूळ इटलीत शोधण्याचा मोह होतो, पण पास्ता गरमच खायचा हा तिथला जुना शिरस्ता आहे. ‘इन्सालाता दी पास्ता’ हा उन्हाळी प्रकार तेथे साधारणपणे विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रूढ झाला. त्याआधी, त्याच शतकाच्या पूर्वार्धात, अमेरिकेत मॅकरोनी सॅलड प्रचारात आलेले होते. त्याची घडण जर्मन स्थलांतरितांनी नेलेल्या बटाट्याच्या सॅलडसारखी आहे : कांदा, सेलरी, लोणच्याची काकडी, उकडलेले अंडे आणि मेयोनेझ. बटाट्याच्या जागी बहुधा स्वस्त व टिकाऊ मॅकरोनी आली. जर्मनीत जन्मलेल्या रिचर्ड हेलमन या न्यूयॉर्कमधील दुकानदाराने १९१२ पासून मेयोनेझ बरणीत भरून विकायला सुरुवात केली. बाटलीबंद मेयोनेझ आणि नंतर घरोघरी आलेला फ्रिज यांनी या पदार्थाचा प्रसार सोपा केला असावा. तेल-व्हिनेगरमधले, ऑलिव्ह, सलामी (सुकवलेले मांसाचे सॉसेज) व रंगीत ढोबळी मिरचीचे रूप अमेरिकेत १९७०–८० च्या दशकांत फोफावले. त्यात वापरले जाणारे ‘इटालियन ड्रेसिंग’ही अमेरिकनच आहे.

मेयोनेझच्या नावाचाही वाद आहे. भूमध्य समुद्रातील मिनोर्का बेटावरचे माओन बंदर फ्रेंचांनी १७५६ मध्ये जिंकले व त्या विजयावरून सॉसला नाव पडले, असे बहुतेक ठिकाणी सांगतात. परंतु छापील पाककृतींत हे नाव एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी दिसू लागते. मधल्या अर्धशतकाचे मौन या व्युत्पत्तीला अडचणीचे ठरते. फ्रान्समधील बायोन गावाचे नाव किंवा अंड्याच्या बलकासाठीचा जुना फ्रेंच शब्द ‘म्वाय्यो’ हे इतर पर्याय सुचवले गेले आहेत.

पास्त्याची निवड : सुका पास्ता डुरम या कठीण दाण्याच्या गव्हाच्या जाडसर रव्यापासून करतात. इटलीत १९६७ च्या कायद्याने सुक्या पास्त्यासाठी हाच गहू बंधनकारक केला आहे. या गव्हातील भरपूर प्रथिनांचे जाळे उकडताना स्टार्च धरून ठेवते, म्हणून तुकडे दुसऱ्या दिवशीही अखंड राहतात. सॅलडसाठी आखूड आणि खाचाखोचांचे आकार घेतात : फुसिल्ली (नाव चातीवरून), पेन्ने (पिसाच्या लेखणीवरून), फारफाल्ले (फुलपाखरे), शिंपल्यासारखा कोंकिल्ये, वाकडी मॅकरोनी. स्पॅगेटीसारखे लांब प्रकार थंड झाल्यावर एकमेकांना चिकटून गठ्ठा होतात. ब्राँझच्या साच्यातून काढलेल्या पास्त्याचा पृष्ठभाग खरखरीत असल्याने ड्रेसिंग त्याला अधिक धरून राहते.

स्टार्चचे वर्तन : या पदार्थाचे बहुतेक यशापयश येथे ठरते. गव्हाच्या स्टार्चचे कण पाण्यात साधारण ५५ ते ६५ अंश से. तापमानाला फुगून मऊ होतात. या स्टार्चमध्ये दोन प्रकारचे रेणू असतात : सुमारे एक चतुर्थांश सरळ साखळीचे ॲमिलोज व उरलेले फाटे असलेले ॲमिलोपेक्टिन. थंड होताना ॲमिलोजचे सरळ रेणू काही तासांतच पुन्हा शेजारी शेजारी रचले जातात, ॲमिलोपेक्टिनचे फाटे ही रचना सावकाश, दिवसांच्या हिशेबाने करतात. फ्रिजमधील तापमान या प्रक्रियेला फारच मानवते. पाव फ्रिजमध्ये लवकर शिळा होतो, त्याचेही कारण हेच. परिणामी गरम असताना दाताला हवा तसा लागणारा पास्ता सकाळी चामट लागतो.

म्हणून सॅलडचा पास्ता नेहमीपेक्षा एक-दोन मिनिटे अधिक शिजवावा, असा एक पक्ष आहे. इटालियन पद्धत मानणारे मात्र थोडा कच्चाच काढून पाण्याखाली धरतात. पदार्थ फ्रिजमध्ये रात्रभर राहणार असेल तर पहिलाच पक्ष योग्य वाटतो. तासाभरात खायचा असेल तर दुसऱ्याचे चालते. परीक्षा सोपी आहे : फुसिल्लीचा एक तुकडा सुरीने आडवा कापून पाहावा. मधोमध पांढरा ठिपका दिसत असेल तर आतला रवा कोरडा आहे. तो ठिपका नाहीसा झाला की आणखी मिनिटभराने भांडे उतरवावे.

गरम पास्ता सॉसमध्ये घालायचा असेल तर तो धुवायचा नसतो, कारण वरचा स्टार्च सॉसला बांधून ठेवतो. थंड सॅलडमध्ये हाच स्टार्च पिठूळ चिकटपणा आणतो, तेव्हा थंड पाण्याखाली थोडक्यात धुणे येथे क्षम्य आहे. पास्ता परातीत किंवा रुंद ताटात एका थरात पसरून चमचाभर तेल चोळणे त्याहून बरे; वाफ निघून जाते, पाणी राहत नाही व ड्रेसिंग पातळ होत नाही.

ड्रेसिंग : तेल व व्हिनेगर यांचे रूढ प्रमाण ३ : १ आहे, पण पास्ता आंबटपणा शोषून घेत असल्याने ते २ : १ पर्यंत आणतात. मेयोनेझ हे पाण्यातील तेलाचे पायस (इमल्शन, म्हणजे एरवी न मिसळणाऱ्या दोन द्रवांचे एकजीव मिश्रण) असून बलकातील लेसिथिन हे द्रव्य ते टिकवून धरते. अमेरिकेच्या मानकाप्रमाणे त्यात वजनाने किमान ६५ टक्के वनस्पती तेल हवे. ड्रेसिंग दोनदा घालावे. निम्मे पास्ता कोमट असताना घातले की ते आत शिरते; उरलेले वाढण्याच्या आधी घातले की वर ओलावा दिसतो. एकदाच सगळे घातलेले सॅलड सकाळी कोरडे ठणठणीत दिसते आणि करणाऱ्याला वाटते की ड्रेसिंग कोणी चोरले.

थंड पदार्थ मिळमिळीत लागतो, हा भास नव्हे. गोड, कडू व उमामी (मांस, चीज यांची रसाळ चव) या चवींच्या जाणिवेत सहभागी असलेली टीआरपीएम५ ही प्रथिन-वाहिनी थंडीत मंदावते, असे २००५ मध्ये दाखवले गेले. तेव्हा चव फ्रिजमधून काढल्यावर घ्यावी व मीठ-लिंबू त्या वेळी ठरवावे.

घटक व प्रमाण : पोटभरीचे सॅलड म्हणजे त्यात प्रथिने हवीत, उकडलेले छोले वा राजमा, चिकन, डबाबंद ट्यूना, अंडी, चीजचे चौकोनी तुकडे. मुख्य जेवण म्हणून माणशी ८० ग्रॅम सुका पास्ता धरतात, इतर पदार्थ असल्यास ६० ग्रॅम पुरतो. वीस माणसांना सव्वा किलोच्या आसपास घेतला तर उकडून तो अडीच किलोच्या घरात जातो. दर १०० ग्रॅमला एक लिटर पाणी व १० ग्रॅम मीठ या प्रचलित प्रमाणाने बारा-तेरा लिटर पाणी लागेल. घरच्या भांड्यात ते मावत नाही, म्हणून दोन-तीन घाणे करावेत. टोमॅटो व काकडीला मिठाने पाणी सुटते, तर ब्रोकोली आणि फरसबीचे हरितद्रव्य आम्लात मळकट होते. या भाज्या शेवटी घालाव्यात.

सुरक्षितता : अशा सॅलडमुळे विषबाधा झाली की दोष मेयोनेझला दिला जातो. कारखान्यात बनलेले मेयोनेझ आम्लधर्मी असते व त्यात जंतू सहसा वाढत नाहीत. कच्च्या अंड्याचे घरगुती मेयोनेझ हा अपवाद. खरा धोका पास्त्याचा असतो. बॅसिलस सेरियस या जंतूचे बीजाणू उकळत्या पाण्यातून वाचतात, कोमट पास्त्यात रुजतात आणि त्याचे वांती आणणारे विष पुन्हा गरम करूनही नष्ट होत नाही. बेल्जियममध्ये ऑगस्ट २००३ मध्ये एका कुटुंबाने शुक्रवारी केलेले पास्ता सॅलड शनिवारी सहलीला नेले. उरलेले फ्रिजमध्ये ठेवून सोमवारी संध्याकाळी मुलांना वाढले. त्या फ्रिजचे तापमान १४ अंश से. होते. पाचही मुले आजारी पडली व सात वर्षांची मुलगी यकृत निकामी होऊन दगावली.

अमेरिकेच्या अन्नसंहितेनुसार शिजवलेले अन्न दोन तासांत ५७ वरून २१ अंशांवर व पुढच्या चार तासांत ५ अंशांवर यायला हवे. टेबलावर ते दोन तासांपेक्षा, आणि हवा ३२ अंशांहून गरम असल्यास एका तासापेक्षा जास्त ठेवू नये. मोठे पातेले तसेच फ्रिजमध्ये ठेवल्यास मधला भाग कित्येक तास कोमट राहतो. उथळ डबे वापरावेत.

प्रकार : हवाई बेटांवर भाताबरोबर वाढले जाणारे मॅकरोनी सॅलड मुद्दाम अतिमऊ शिजवतात. जर्मनीत ‘नूडेलझालाट’मध्ये सॉसेज, मटार व लोणच्याची काकडी असते. जपानमध्ये १९२५ पासून मिळू लागलेल्या क्यूपी मेयोनेझचे मॅकरोनी सॅलड रोजच्या खाण्यात आहे. फिलिपीन्समध्ये अननस व बेदाणे घालून ते गोडसर करतात.

फ्रिजमध्ये ४ अंशांखाली हे सॅलड तीन ते पाच दिवस टिकते. गोठवल्यास मेयोनेझचे पायस फुटून तेल वेगळे होते.